हिअर कम्स द पेन : शॉपझोनमधले कुलूपबंद जुने पैलवान कसे उघडायचे?

शहापूरकर (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. बेळगावातील शहापूरच्या आमच्या जुन्या घराचा माळा रिकामा करताना एका पत्र्याच्या ट्रंकेत माझे प्लेस्टेशन २ सापडले आणि पुसून, वायर बदलून लावल्यावर ते चक्क सुरू झाले. सोबत 'स्मॅकडाउन : हिअर कम्स द पेन' या २००३ सालच्या डब्ल्यूडब्ल्यूई कुस्तीच्या गेमची डिस्कही निघाली. अडचण अशी की, लहानपणी हा गेम मी घरी फार कमी आणि खडेबाजाराजवळच्या एका गेम पार्लरमध्ये तासाचे पैसे मोजून जास्त खेळलो आहे. तिथे आयर्न शीक, रॉडी पायपर, जिमी स्नुका, लीजन ऑफ डूमची जोडी, टोपीवाला जुना अंडरटेकर असे सगळे पैलवान निवडायला समोर उभे असत. त्यामुळे ते गेममध्ये आपोआपच असतात, अशी माझी इतकी वर्षे समजूत होती. आता घरच्या कोऱ्या मेमरी कार्डावर गेम सुरू केला, तर यांतील एकही जण दिसत नाही.

माझा भाचा बारा वर्षांचा आहे आणि पहाटे तालमीत जातो. आयर्न शीक हा मुद्गल फिरवणारा पैलवान होता, असे मी त्याला सांगून बसलो आहे, त्यामुळे त्याला तोच हवा आहे. इंटरनेटवरून 'सगळे उघडलेले' सेव्ह, म्हणजे दुसऱ्याच्या खेळाची साठवलेली फाइल, उतरवून पेन ड्राइव्हवर घेतले आणि पेन ड्राइव्ह प्लेस्टेशनला लावला, पण गेमला त्याचा पत्ताच नाही. मी नेमके कुठे चुकतो आहे, आणि सरळ मार्गाने उघडायचे ठरवले तर काय करावे लागेल, हे कोणी सविस्तर सांगेल का?

कॅम्पातली

शहापूरकर, तुमच्या पार्लरमध्ये ते पैलवान दिसत होते, कारण मालकाच्या मेमरी कार्डावर कोणीतरी आधीच खेळून ते विकत घेऊन ठेवले होते. डिस्क तुमचीही तीच आहे. हे एकदा नीट समजून घेतले, तर पुढचे सगळे प्रश्न सोपे होतात, म्हणून जरा लांबण लावते.

या गेममधला प्रत्येक पैलवान, त्याचा चेहरा, कपडे, प्रवेशाची धून, डावांची यादी, हे सारे पहिल्या दिवसापासून डिस्कवर असते. उघडताना नवीन काहीच तयार होत नाही. मेमरी कार्डावरच्या सेव्हमध्ये प्रत्येक कुलूपबंद गोष्टीसाठी एक छोटीशी नोंद असते, 'उघडले' किंवा 'नाही' एवढीच, आणि निवडीचा पडदा दाखवण्यापूर्वी गेम ती नोंद वाचतो. कार्ड कोरे असेल, तर सगळ्या नोंदी 'नाही' अशाच असणार. आपली डिस्क 'कमी भरलेली' आहे, नकली आहे, असे आमच्या वर्गातली मुले एकमेकांना छातीठोकपणे सांगत असत, तो शुद्ध गैरसमज होता.

दुसरी गोष्ट म्हणजे कुस्तीच्या गेममधली कुलपे एका जातीची नसतात. पहिली जात पैशांची. गेममध्येच मिळवलेले डॉलर गेममधल्याच दुकानात खर्च करायचे आणि माल उघडायचा. 'हिअर कम्स द पेन'चे शॉपझोन या जातीतले आहे, आणि निन्टेन्डो ६४ वरच्या २००० सालच्या 'नो मर्सी'मधला स्मॅकडाउन मॉलही याच जातीतला. दुसरी जात कामगिरीची, म्हणजे ठरावीक सामन्यात ठरावीक गोष्ट करून दाखवली तरच दार उघडते. तिसरी जात परवलीच्या शब्दाची. उदाहरणार्थ, 'स्मॅकडाउन व्हर्सेस रॉ २०१०'मध्ये चीट कोडच्या जागी 'द ग्रेट वन' असे इंग्रजीत लिहिले की द रॉक उघडत असे. तुमच्या गेममध्ये असा शब्द टाकण्याची जागाच नाही. त्यामुळे इंटरनेटवर त्याचे म्हणून जे 'कोड' दिसतात, ते बाहेरच्या कोडब्रेकरसारख्या उपकरणांचे असतात आणि नुसत्या कंट्रोलरची बटणे दाबून त्यांचा काही उपयोग होत नाही.

पेन ड्राइव्हबद्दल रात्री लिहिते, आता दुकान बंद करायचे आहे.

तालमीतला

ताई, माहिती उत्तम दिली आहे. माझे म्हणणे मात्र वेगळे आहे. दुसऱ्याने खेळून उघडलेले सेव्ह आयते आणून लावणे म्हणजे नुरा कुस्ती. निकाल आधीच ठरलेला, मग आखाड्यात उतरायचे तरी कशाला? पार्लरच्या मालकाने निदान कोणाकडून तरी ते खेळवून घेतले होते. बारा वर्षांच्या मुलाला पहिल्याच दिवशी सगळे पैलवान हातात दिले, तर तो दोन दिवसांत डिस्क बाजूला ठेवेल, हे मी माझ्या घरच्या अनुभवावरून सांगतो.

आता शीकबद्दल थोडे, कारण तुम्ही भाच्याला सांगितलेले अगदी खरे आहे. तो मूळचा इराणचा. अमेरिकेत येऊन १९७१ साली ग्रीको-रोमन प्रकारात तो तिथल्या हौशी कुस्तीचा राष्ट्रीय विजेता झाला होता, म्हणजे अंगात खरी कुस्ती असलेला माणूस. रिंगमध्ये तो ज्या जाड लाकडी जोड्या फिरवत असे, त्यांना फारसीत मील म्हणतात. इराणच्या व्यायामशाळेत, म्हणजे झूरखान्यात, मील फिरवतात आणि आपल्याकडे तालमीत मुद्गल. दोन्ही एकमेकांचे सख्खे भाऊ शोभावेत असे आहेत. २६ डिसेंबर १९८३ रोजी त्याने बॉब बॅकलंडकडून अजिंक्यपद घेतले, तेही बॅकलंडची पाठ न टेकवता. शीकने कॅमल क्लच, म्हणजे पाठीवर बसून हनुवटी मागे ओढण्याचा डाव, लावला, बॅकलंडने स्वतः हार मानली नाही, पण त्याच्या बाजूच्या माणसाने टॉवेल आत फेकला. आमचे वस्ताद असते तर असली कुस्ती निकाली धरलीच नसती. पुढे चार आठवड्यांत, २३ जानेवारी १९८४ रोजी, हल्क होगनने त्याला हरवले आणि तिथून होगनचा काळ सुरू झाला.

एवढा इतिहास ज्याच्या मागे आहे, तो पैलवान कमावून घ्यावा, असे मला वाटते.

निपाणीचा वाटसरू

तालमीतला यांच्या मताशी मी निम्मा सहमत आहे. नुरा कुस्ती हा शब्द डब्ल्यूडब्ल्यूईच्या धाग्यावर वापरणे म्हणजे समुद्राला 'तू खारट आहेस' असे सांगण्यापैकी आहे, असो.

शहापूरकर, सरळ मार्गाने उघडायचे असेल तर सीझन खेळावा लागेल. या गेमचा सीझन रॉ आणि स्मॅकडाउन अशा दोन गटांत विभागलेला आहे. सामने, वैर, अजिंक्यपदाची संधी अशी वाटचाल होत राहते आणि त्यातून शॉपझोनचे डॉलर साठतात. मधूनमधून लॉकर रूममध्ये कोणाशी बोलायचे, कोणाची बाजू घ्यायची, असे प्रश्न येतात आणि उत्तराप्रमाणे कथानकाला वेगळा फाटा फुटतो, त्यामुळे दुसऱ्यांदा खेळतानाही सगळे तेच ते वाटत नाही. जे घाईने बटण दाबत संवाद पुढे ढकलतात, ते या गेमची निम्मी गंमत घालवतात.

मेहनत वाचवणाऱ्या दोन गोष्टी सांगतो. पहिली गोष्ट वजनाची. या गेममध्ये वजनाला अर्थ आहे, आणि रे मिस्टेरिओसारख्या हलक्या पैलवानाला बिग शोसारखा डोंगर उचलता येत नाही. नवखा माणूस आवडीपोटी हलका पैलवान निवडतो, उचलण्याचे डाव लावत बसतो, ते फसतात, आणि मग 'गेम कठीण आहे' म्हणून सोडून देतो. पहिल्या सीझनला कर्ट अँगल किंवा ब्रॉक लेसनरसारखा, उचलणे आणि आवळणे दोन्ही येणारा गडी घ्यावा. दुसरी गोष्ट पडद्यावरच्या त्या लहान मानवी आकृतीची, जिच्यावर शरीराचा कोणता भाग किती दुखावला आहे ते रंगाने कळते. समोरच्याचा एकच भाग धरून त्यावर मारा करत राहावे आणि शेवटी त्याच भागावरचा आवळण्याचा डाव लावावा. डोके, हात, पाय असे सगळीकडे थोडे थोडे मारत बसलात, तर सामना पंधरा मिनिटे चालतो आणि अंगठे दुखतात. तालमीतही वस्ताद हेच सांगतात की, पट काढायचा ठरवलास तर पटाचाच पिच्छा पुरव, मध्येच ढाकेचा मोह नको.

शहापूरकर

सर्वांचे मनापासून आभार. कॅम्पातली ताई, कुलूप डिस्कवर नसून कार्डावर असते, हे वाचून मी अक्षरशः कपाळावर हात मारला. अठरा-वीस वर्षे मी त्या पार्लरवाल्याला 'त्याच्याकडे खास डिस्क आहे' असे श्रेय देत होतो.

तालमीतला, तुमचे म्हणणे पटते, पण माझी अडचणही समजून घ्या. भाचा सुट्टीत आठच दिवस इथे असतो आणि आमच्या भागात संध्याकाळी वीज कधी जाईल याचा भरवसा नाही. परवाच सेव्ह होत असताना वीज गेली आणि दोन तास खेळलेला सीझन वाया गेला. म्हणून निदान एक तरी पैलवान झटपट उघडावा, असे वाटते.

कॅम्पातली

आता पेन ड्राइव्ह.

प्लेस्टेशन २ च्या पुढच्या बाजूला यूएसबीची जागा आहे, हे खरे, पण हा गेम सेव्हसाठी फक्त मेमरी कार्ड वाचतो. पेन ड्राइव्हवर फाइल आहे की नाही हे तो तपासतही नाही. फाइल पेन ड्राइव्हवरून मेमरी कार्डावर न्यावी लागते आणि ते काम यंत्राच्या मूळ पडद्यावरून होत नाही. त्यासाठी लोक फ्री मॅकबूट (यंत्रावर बाहेरचे प्रोग्रॅम चालवू देणारे सॉफ्टवेअर) घातलेले वेगळे मेमरी कार्ड वापरतात आणि त्यावरून यूलॉन्चईएलएफ नावाचा फाइल हाताळण्याचा प्रोग्रॅम चालवतात. जवळपास सर्व जाड (जुन्या) आणि बहुतेक बारीक (नंतरच्या) यंत्रांवर हे चालते, पण अगदी शेवटच्या काळात निघालेल्या ९०००० मालिकेतल्या काही बारीक यंत्रांवर चालत नाही. यंत्राच्या मागच्या पट्टीवर क्रमांक असतो, तो आधी पाहा आणि मगच पैसे खर्च करा.

एवढे करूनही सेव्ह दिसले नाही, तर गडबड प्रदेशाची असते, आणि माझ्या अंदाजाने तुमची खरी अडचण पुढे तिथेच येणार आहे. एकच गेम अमेरिकेसाठी, युरोपसाठी आणि जपानसाठी वेगवेगळ्या क्रमांकाने निघतो आणि सेव्हच्या फोल्डरचे नावही त्या क्रमांकावरून पडते. अमेरिकन डिस्कचे फोल्डर बीए या अक्षरांनी सुरू होते, युरोपीय डिस्कचे बीई आणि जपानी डिस्कचे बीआय. अमेरिकन डिस्क फक्त बीएवालेच फोल्डर उघडते, बाकीची तिच्या दृष्टीने अस्तित्वातच नाहीत. मूळ डिस्कवर क्रमांक छापलेला असतो, पण आपल्याकडे त्या काळी जे काही बाजारात मिळत होते, त्यावर स्केच पेनने लिहिलेल्या नावाखेरीज काही नसे, हे आपण सगळेच जाणतो. तेव्हा सोपी युक्ती अशी की, आधी आपल्या डिस्कवरून कोऱ्या कार्डावर एकदा सेव्ह करा, यूलॉन्चईएलएफमध्ये त्या फोल्डरचे नाव वाचा आणि मगच त्याच प्रदेशाचे सेव्ह शोधा.

कोडब्रेकरच्या वाटेला जाऊ नका, असे माझे मत आहे. ते उपकरण गेम चालू असताना यंत्राच्या स्मृतीतले आकडे बदलते. तिथेही कोड प्रदेशाप्रमाणे वेगळे असतात, आणि चुकीचा कोड लावून सेव्ह केले तर आधीचे सेव्हसुद्धा बिघडण्याची भीती असते.

चिकोडीकर

मी नव्या पिढीतला आहे, त्यामुळे प्लेस्टेशन २ वर बोलण्याचा मला अधिकार नाही, पण ताईंनी सांगितलेल्या दुसऱ्या जातीच्या कुलपांबद्दल, म्हणजे कामगिरीच्या कुलपांबद्दल, लिहितो. मला ती जास्त प्रामाणिक वाटतात.

'डब्ल्यूडब्ल्यूई २के१४'मध्ये रेसलमेनियाच्या, म्हणजे डब्ल्यूडब्ल्यूईच्या सर्वांत मोठ्या वार्षिक कार्यक्रमाच्या, तीस वर्षांचा एक विभाग होता. त्यात जुने गाजलेले सामने पुन्हा खेळायचे, पण नुसते जिंकून भागत नसे. प्रत्यक्ष सामन्यात जे घडले तेच घडवून आणावे लागे, तेव्हा त्या त्या काळचे पैलवान आणि मैदाने उघडत. १९८७ च्या रेसलमेनिया ३ मध्ये होगनने आंद्रे द जायंटला उचलून आपटले, तो क्षण तुमच्या हातून व्हावा लागतो, नाहीतर बक्षीस नाही. इतिहासाचा तास इतका मन लावून मी शाळेत कधी केला नाही. त्याच गेममध्ये अंडरटेकरच्या रेसलमेनियातल्या अपराजित मालिकेचा वेगळा विभाग होता आणि तिथला अंडरटेकर इतका बळकट ठेवला होता की, मित्राच्या घरी आम्ही पाच जण पाळीपाळीने हरलो. गेम आला २०१३ च्या ऑक्टोबरमध्ये, तेव्हा ती मालिका एकवीस-शून्य होती. पुढच्या एप्रिलमध्ये लेसनरने ती मोडली, आणि गेममध्ये आम्हाला जे जमले नव्हते ते टीव्हीवर घडताना पाहून पाच जणांपैकी कोणालाच बोलायला सुचले नाही.

नंतरच्या वर्षांत मात्र पैशांच्या कुलपांना वेगळेच वळण लागले. खेळून जे हळूहळू मिळते, तेच खरे पैसे भरून एकदम उघडून देणारी जोडणी कंपनीच विकू लागली. तालमीतला, तुमच्या नुरा कुस्तीची ही पावती फाडून मिळणारी आवृत्ती.

तालमीतला

पावती फाडून मिळणारी नुरा कुस्ती! हे मी आमच्या वस्तादांना ऐकवणार. त्यांचा गेमशी काडीचा संबंध नाही, पण जत्रेच्या मैदानांबद्दल त्यांचे मत काहीसे असेच आहे.

चिकोडीकर, २०२० सालच्या एक जानेवारीची गोष्ट सांगा की या लोकांना. तुम्हीच मला ती सांगितली होती.

चिकोडीकर

होय की. ते 'डब्ल्यूडब्ल्यूई २के२०' होते. नवीन वर्ष उजाडले, १ जानेवारी २०२० ही तारीख लागली आणि गेम सुरूच होईना. उघडलेले, न उघडलेले सगळेच कुलूपबंद. लोकांनी शोधलेला उपाय असा की, यंत्राच्या घड्याळात तारीख मागे नेऊन २०१९ करायची, मग गेम निमूट चालतो. कंपनीची दुरुस्ती येईपर्यंत मी माझ्या यंत्रावर जुन्या वर्षातच राहत होतो. आईने दोनदा विचारले की, टीव्हीवर डिसेंबर का दिसतो आहे.

धागा व्यवस्थापक

चर्चा छान रंगली आहे, पण मूळ प्रश्न प्लेस्टेशन २ वरील गेमचा आहे, हे ध्यानात असू द्यावे. २के मालिकेसाठी स्वतंत्र धागा उघडता येईल. तसेच डिस्कच्या किंवा सेव्हच्या प्रती उतरवण्याचे दुवे इथे देऊ नयेत, ही विनंती.

निपाणीचा वाटसरू

व्यवस्थापकांचे बरोबर आहे. मूळ विषयाकडे येतो, कारण शहापूरकरांनी विजेबद्दल जे लिहिले, त्यावर कोणी काही बोलले नाही आणि माझ्या मते तीच सगळ्यांत मोठी गोष्ट आहे.

सेव्ह होत असताना वीज गेली तर फक्त तो सीझनच जातो असे नाही, उघडलेल्या पैलवानांच्या नोंदीसुद्धा जाऊ शकतात. प्लेस्टेशन २ चे मूळ कार्ड ८ एमबीचे असते. बाजारात ६४ एमबी वगैरे लिहिलेली स्वस्त कार्डे मिळतात, त्यांच्या नादी लागू नका. माझे असे एक कार्ड एका पावसाळ्यात गेले आणि त्यासोबत तीन वर्षांची कमाई गेली. यंत्राला कार्डांच्या दोन जागा आहेत, त्या उगीच दिलेल्या नाहीत. आठवड्यातून एकदा यंत्राच्या मूळ पडद्यावर जाऊन पहिल्या कार्डावरचे सेव्ह दुसऱ्या कार्डावर उतरवून ठेवावे, त्याला पाच मिनिटेसुद्धा लागत नाहीत. घरी इन्व्हर्टर असेल तर टीव्ही नसला तरी चालेल, पण यंत्र त्याच्यावर घ्या. आणि दुकानात काही विकत घेतले की लगेच सेव्ह करा, सामना संपण्याची वाट पाहू नका.

कॅम्पातली

यात एक भर घालते. हल्ली बरेच जण हा गेम संगणकावर पीसीएसएक्स२ हा प्लेस्टेशन २ ची नक्कल करणारा प्रोग्रॅम वापरून खेळतात. तिथे एका बटणावर चालू क्षण गोठवून ठेवण्याची सोय असते, तिलाच लोक सेव्ह समजतात आणि फसतात. गोठवलेला क्षण वेगळा आणि मेमरी कार्डावरचे सेव्ह वेगळे. पैलवान विकत घेऊन नुसता क्षण गोठवला आणि पुढच्या वेळी गेम पहिल्यापासून सुरू केला, तर तो पैलवान पुन्हा कुलपात दिसणार, कारण कार्डावर नोंदच झालेली नसते.

शहापूरकर

मंडळी, कळवायला उशीर झाला.

माझ्या यंत्राचा क्रमांक जुन्या जाड मालिकेतला निघाला. ओळखीच्या एका दुरुस्तीवाल्याकडे फ्री मॅकबूटचे कार्ड होते, ते एका संध्याकाळपुरते मागून आणले. माझ्या डिस्कने केलेले फोल्डर बीए या अक्षरांनी सुरू होणारे होते आणि मी उतरवलेले सेव्ह बीईचे, म्हणजे ताईंनी न पाहता सांगितलेले निदान तंतोतंत खरे ठरले. योग्य प्रदेशाचे सेव्ह मग मी शोधलेही, पण लावले नाही. कारण तोपर्यंत भाच्याने कर्ट अँगल घेऊन सीझन सुरू केला होता आणि 'मामा, आयते नको' असे त्यानेच सांगितले. तालमीतला, तुम्ही त्याला परस्पर गाठलेत की काय, अशी शंका मला आली.

सहाव्या दिवशी डॉलर पुरले आणि शीक उघडला. भाच्याने कॅमल क्लच लावून पहिला सामना जिंकला आणि मग मला विचारले की, हा मील फिरवतो ते कुठे आहे? ते काही मला दाखवता आले नाही. सध्या तो पायपरसाठी डॉलर साठवतो आहे आणि मी टोपीवाल्या अंडरटेकरसाठी. तो सात वेळा मरून जिवंत झाला आहे, अशी आमच्या वर्गात पक्की खबर होती, हे भाच्याला पटत नाही. दोघांची कमाई एकाच सेव्हमध्ये असल्यामुळे आधी कोणाला विकत घ्यायचे, यावरून वाद आहे.

निपाणीचा वाटसरू

वाद नंतर मिटवा. आधी दुसऱ्या कार्डावर प्रत उतरवली आहे का?

शहापूरकर

नाही. आत्ता उतरवतो.